जागर जागा कशाने होतो?

खडक, खनिजं आणि जमिनीखालच्या गोष्टींविषयी वाचक विचारतात त्या प्रश्नांना भूशास्त्राच्या एक निवृत्त प्राध्यापिका या सदरात उत्तरं देतात. या खेपेला बहुतेक पत्रं एकाच विषयावर आली: गोष्टींमधला विचार करणारा दगड.

प्रश्न : मॅडम, मी कुमारवयाच्या मुलांसाठी कादंबरी लिहितोय. एका उंच पठारावरचं राज्य आहे. तिथल्या कड्यांमध्ये ‘जागर’ नावाचं खनिज सापडतं. त्याला ऐकू येतं, सगळं आठवतं आणि राजा अडचणीत आला की ते सल्ला देतं. खर्डा वाचून माझी बहीण म्हणाली, “हा दगड नाहीच, हा दगडात बसवलेला ऋषी आहे.” तिचं पटलं, पण आता काय बदलू? तीन प्रकरणं सोबत पाठवतोय. – एक वाचक, चाळीसगाव

उत्तर : बहिणीने नेमकं बोट ठेवलंय. तुमचा जागर चिडतो, म्हणी वापरतो आणि राजाने विचारलं की लगेच उत्तर देतो. त्याच्या जागी राजगुरू बसवला तरी एक वाक्य बदलावं लागणार नाही. म्हणून आधी जागर हे खनिज कोणत्या जातीचं ते ठरवा. तो विचार कसा करतो, किती वेगाने करतो, त्याला काय कळतं आणि काय कधीच कळणार नाही, हे सगळं त्या जातीवरून ठरू दे. रंग आणि चमक नंतर बघता येईल.

मी असते तर स्कोलेसाइट घेतलं असतं, आणि त्यासाठी परग्रहावर जायची गरज नाही. आपल्या काळ्या फत्तरात, म्हणजे बेसॉल्टमध्ये, लाव्हा थंड होताना वायूचे बुडबुडे अडकून राहिले. पुढे त्या पोकळ्यांमधून गरम पाणी झिरपत राहिलं आणि त्या पाण्यातून झिओलाइट गटातली खनिजं वाढली. विहीर खणणारी माणसं ‘मांजऱ्या लागला’ म्हणतात तो हाच खडक, पांढऱ्या ठिपक्यांनी भरलेला. नाशिक-पुण्याकडच्या खाणींत एखादी पोकळी मोठी निघाली की आत स्कोलेसाइटच्या काचेरी पांढऱ्या सुया एका बिंदूपासून चहूकडे फाकलेल्या दिसतात. बोट लावायचा मोह होतो, पण टोकं इतकी नाजूक असतात की स्पर्शाने मोडतात.

या सुयांच्या अंगात पाणी असतं. ओल धरलीय अशा अर्थाने नव्हे. स्फटिकाच्या सांगाड्यातच सूक्ष्म नळ्या असतात आणि त्यांत पाण्याचे रेणू ठरलेल्या जागी बसलेले असतात. तापवलं की ते बाहेर पडतात, आणि फार तापवलं नसेल तर दमट हवेत परत आत येतात. १७५६ साली क्रोन्स्टेट नावाच्या स्वीडिश खनिजशास्त्रज्ञाने या गटातलं एक खनिज तापवलं आणि त्यातून वाफ उसळताना पाहिली, तेव्हापासून या गटाचा वेगळा अभ्यास सुरू झाला. स्कोलेसाइटची सुई ज्योतीत धरली तर ती वळवळते, आक्रसते. वर्गात हा प्रयोग केला की मागच्या बाकावरची मुलंसुद्धा उठून पुढे यायची.

दुसरा गुण तुमच्या कामाचा जास्त आहे. स्कोलेसाइटचं तापमान बदललं की त्याच्या दोन टोकांवर विरुद्ध विद्युतभार येतो. तापमान स्थिर झालं की नवा भार तयार होणं थांबतं. नुसत्या उष्णतेने काही होत नाही, ती बदलावी लागते. इथे तुमच्या जागराचं मन मला दिसलं. त्याचा विचार म्हणजे हा भार. गरम होताना आणि गार होताना तो जागा असतो, मधल्या वेळात नसतो. पठारावर उघड्या पडलेल्या जागराला दिवसातून दोनदा जाग येते: सकाळी ऊन चढताना आणि संध्याकाळी ते उतरताना. ढगाळ दिवशी तो पेंगतो. श्रावणात तर उन-पावसाच्या खेळात त्याचं डोकं भणाणून जात असेल.

आता कड्याच्या आत चला. दिवसाची उष्णता खडकात फार खोल जात नाही. मीटरभर आत गेलं की दिवस-रात्रीचा फरक जवळपास पुसला जातो. पण वर्षाचा फरक, उन्हाळा-हिवाळ्याचा, त्याहून बराच खोल, १०-१५ मीटरपर्यंत पोचतो, आणि पोचता पोचता उशीर करतो. बेसॉल्टमध्ये साधारण १० मीटर खोलीवर मे महिन्याची ऊब नोव्हेंबरच्या सुमाराला पोचते, तीही अगदी क्षीण होऊन. म्हणजे कातळाच्या कातडीवरचा जागर रोज विचार करतो, दहा मीटर आतला वर्षाच्या फेऱ्याने करतो आणि बाहेर थंडी पडलेली असताना त्याच्या मनात उन्हाळा चालू असतो. त्याहून खोल असलेले अजून एकदाही जागे झालेले नाहीत.

एवढं एक ठरवलं की तुमचं राज्य आपोआप उभं राहतं. राजाला सल्ला हवा असेल तर त्याने उथळ दगडाला विचारायचं की खोल दगडाला? उथळ दगड संध्याकाळपर्यंत उत्तर देईल, पण त्याला कालपलीकडचं फारसं कळणार नाही. खोल दगडाचं उत्तर यायला राजाची सगळी कारकीर्द जाईल. प्रश्न आजाने विचारायचा आणि उत्तर नातवाने ऐकायचं, अशी तिथली रीत असेल. दरबारात प्रश्नांच्या वह्या ठेवणारा कारकून लागेल, कारण उत्तर आलं तेव्हा प्रश्न काय होता हे कोणाला आठवणार? मला तर हा कारकून राजापेक्षा महत्त्वाचा वाटतो. त्याला नाव द्या.

आणि खाण आली की काय होईल? सुरुंग लागला की कधीच जागे न झालेले दगड एका क्षणात उन्हात येतात. तुमच्या तिसऱ्या प्रकरणात राजाचे लोक खाण उघडतात आणि तो प्रसंग तुम्ही चार ओळींत संपवलाय. कादंबरीचा गाभा तिथे आहे, तिथे थांबा. हजारो मनं एकदम, पहिल्यांदाच, दुपारच्या उन्हात जागी होतात. खाणीत त्या वेळी पहार हातात घेऊन कोण उभं आहे? राजा तर नक्कीच नाही. आपल्याकडे दगडाची नस ज्यांना कळते ते वडार आणि पाथरवट. घणाचा आवाज बद्द आला की आत पोकळी आहे, हे त्यांना न बघता समजतं. जागराची ओळख पहिल्यांदा त्यांनाच झालेली असणार आणि दरबाराला ती खूप नंतर कळली असणार. पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींतून निघालेलं कॅव्हॅन्साइट, ते गडद निळं खनिज, आज जगभरच्या संग्रहांत मानाने मांडलेलं आहे. पण या खाणी चालतात त्या खडीसाठी. ज्या पोकळीकडे वेळेवर कोणाची नजर गेली नाही, ती क्रशरमधून थेट रस्त्याखाली गेली. मी हे विसरू शकत नाही, आणि तुमच्या पुस्तकाने ते मुलांपर्यंत पोचवावं असं मला मनापासून वाटतं.

प्रश्न : दगडाला स्मरणशक्ती असते असं दाखवलं तर ते विज्ञानाला धरून होईल का? स्फटिक म्हणजे तीच रचना पुन्हा पुन्हा. सगळीकडे सारखंच असेल तर त्यात आठवण साठवायची कुठे? – अभियांत्रिकीची विद्यार्थिनी, सांगली

उत्तर : निर्दोष स्फटिकात आठवण राहू शकत नाही, हे तू अगदी बरोबर पकडलंस. आठवण राहते ती दोषांत. कुठे एक अणू जागेवर नाही, कुठे परका अणू घुसलाय, कुठे थर सरकलाय. तुमच्या इलेक्ट्रॉनिक्सचा सगळा डोलारा यावरच तर उभा आहे: शुद्ध सिलिकॉनमध्ये दहा लाखांत एक फॉस्फरसचा अणू घातला की त्याची वीज वाहून नेण्याची क्षमता लाखो पटींनी वाढते. ग्लासगोचे रसायनशास्त्रज्ञ ग्रॅहम केर्न्स-स्मिथ यांनी तर १९६६ मध्ये असं मांडलं की जीवसृष्टीच्या आधी चिकणमातीचे सूक्ष्म स्फटिकच आपल्या दोषांची नक्कल पुढच्या थरात उतरवत असावेत. ती कल्पना सिद्ध झालेली नाही, पण कथाकाराने ती उशाशी ठेवावी अशी आहे.

खऱ्या दगडांची खरी स्मृतीही आहे आणि ती आपल्या पायाखाली आहे. सह्याद्रीचा बेसॉल्ट सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीचा. त्यात मॅग्नेटाइटचे, म्हणजे लोहाच्या एका चुंबकीय खनिजाचे, बारीक कण असतात. लाव्हा थंड होत साधारण ५८० अंश सेल्सिअसच्या खाली आला की हे कण त्या क्षणी पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र जसं असेल ती दिशा धरून बसतात. ती दिशा मोजली तेव्हा दोन गोष्टी कळल्या. हा खडक तयार झाला तेव्हा भारत विषुववृत्ताच्या दक्षिणेला होता. आणि लाव्हाच्या बऱ्याच प्रवाहांमधली दिशा आजच्या उलट आहे, कारण तेव्हा पृथ्वीचे चुंबकीय ध्रुवच उलटे होते. आपला देश समुद्र ओलांडून इथवर आला हे घाटातल्या काळ्या दगडाने धरून ठेवलंय.

हा दगड विसरतो कसा, हेही लिही. पुन्हा तेवढा तापला की विसरतो. वीज पडली तरी त्या जागेपुरती जुनी दिशा पुसून नवी बसते. म्हणून खडकाची चुंबकीय दिशा मोजणारे लोक डोंगरमाथ्यावरचे नमुने जपून घेतात. तुझ्या गोष्टीत माथ्यावरचे दगड विसराळू असतील आणि पायथ्याचे पक्के. आणि जो सगळ्यात जास्त जपून ठेवतो तो झिरकॉन नावाच्या खनिजाचा स्फटिक. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्सचे काही झिरकॉन सुमारे ४४० कोटी वर्षांचे आहेत. त्यांच्या आतलं युरेनियम हळूहळू शिसं होत जातं, त्यावरून वय कळतं. पण तेच युरेनियम आतून स्फटिकाची रचना मोडतही असतं. ज्याच्यामुळे वय लक्षात राहतं त्यानेच तो झिजतो. अशा पात्राला वेगळी शोकांतिका रचायची गरज नाही.

प्रश्न : बाई, दगड जर विचार करत असेल तर फोडल्यावर त्याला दुखेल का? मी गारगोट्या जमवतो. – इयत्ता सातवी, संगमनेर

उत्तर : खऱ्या दगडाला दुखत नाही, बाळा. दुखायला चेतातंतू लागतात. तुझ्या गारगोट्या तू निश्चिंत जमव.

गोष्टीतल्या दगडाचं मात्र मी असं मांडेन. स्फटिकाचे दोन तुकडे केले तर दोन्ही तुकड्यांत रचना तीच राहते. म्हणून फोडल्यावर तो मरणार नाही, तो दोन होईल. पण जिथे फुटला त्या जागेवरच्या अणूंचे हात सुटलेले असतात आणि ते हवेतल्या पाण्याला धरून बसतात. त्या कडेपाशी जे लिहिलेलं होतं तेवढं गेलं. म्हणजे त्याला दुखत नसेल, पण मधलं एखादं वाक्य त्याला आठवत नसेल, आणि दोन्ही तुकड्यांना वाटत असेल की ते दुसऱ्याकडे आहे.

एक करून बघ. रात्री खोलीत पूर्ण अंधार करून दोन पांढऱ्या गारगोट्या एकमेकींवर जोरात घास. आत पिवळसर उजेड चमकेल आणि एक वेगळाच जळका वास येईल. डोळ्यांवर चष्मा हवा, आणि मोठं माणूस जवळ हवं. तो उजेड पाहून तुला गोष्ट सुचली तर मला पाठव.

प्रश्न : मराठी मंडळाच्या वाचनगटात आम्ही या विषयावर बोलत होतो. असं आधी कोणी लिहिलंय का? – एक वाचक, न्यू जर्सी

उत्तर : बरंच आधी. एच. जी. वेल्स यांनी १८९४ मधल्या एका लेखात सिलिकॉन आणि अ‍ॅल्युमिनियमची माणसं वितळलेल्या लोखंडाच्या समुद्राकाठी फिरताना कल्पिली होती. १९१० मध्ये जे. एच. रोनी या फ्रेंच भाषेत लिहिणाऱ्या लेखकाने पृथ्वीवरचं पाणी संपल्यावर वाढत जाणारी लोहाची सृष्टी रंगवली. तिच्याजवळ रेंगाळणाऱ्या माणसांच्या रक्तातलं लोह ती ओढून घेते. मला रोनी जास्त आवडतो, कारण त्याचे जीव माणसाशी गप्पा मारायला येत नाहीत. त्यांचं आपलं चाललेलं असतं.

तुमच्या गटात जगदीशचंद्र बोस यांच्यावरही बोला. मे १९०१ मध्ये लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये त्यांनी स्नायू, वनस्पती आणि धातू यांच्या विद्युत प्रतिसादाचे आलेख शेजारी शेजारी ठेवून दाखवले. वारंवार चेतवलं की धातूचाही प्रतिसाद मंदावतो, विश्रांती दिली की परत येतो, काही रसायनांनी तो दबतो. धातू जिवंत आहे असं त्यावरून आज कोणी म्हणणार नाही. पण सजीव आणि निर्जीव यांच्यामधली रेघ कुठे ओढायची, हा प्रश्न त्यांनी उपकरण हातात घेऊन विचारला, आणि म्हणून मला तो वेल्स आणि रोनी यांच्या कल्पनेपेक्षा मोठा वाटतो.

प्रश्न : आपल्याकडे दगडाला देवपण आहे. वेशीवरचा म्हसोबा, देवीचा तांदळा. ज्ञानेश्वर माउलींनी तर भिंत चालवली. मग सचेतन खनिजाच्या या उसन्या कल्पना कशाला? – एक ज्येष्ठ वाचक, पंढरपूर

उत्तर : आपली तक्रार मी मनावर घेतली, कारण माझं बालपणही शेंदूर लावलेल्या दगडांसमोर हात जोडण्यात गेलंय. पण मला त्यात फरक दिसतो. माउलींच्या कथेत भिंत चालते ती माउलींच्या सामर्थ्याने. म्हसोबाच्या दगडात देव आहे, पण तो दगड बेसॉल्ट आहे की आणखी काही, याने भक्ताला फरक पडत नाही, आणि पडूही नये. चाळीसगावच्या वाचकाला जो दगड हवाय तो स्वतःच्या गुणांनी जागा होणारा हवाय. दोन्हींना आपापली जागा आहे.

शिवाय या दोन वाटा एका ठिकाणी खरोखर भेटतात. शेंदूर हा बहुधा शिशाचा लाल ऑक्साइड असतो. एकोणिसाव्या शतकात आउगुस्ट कुंट या जर्मन भौतिकशास्त्रज्ञाने, तापमान बदलल्यावर भारित होणारे स्फटिक ओळखायला हीच पूड वापरली. शेंदूर आणि गंधक एकत्र करून बारीक कापडातून स्फटिकावर भुरभुरवायचं. कापडातून जाताना दोघांवर विरुद्ध भार येतो. मग स्फटिकाच्या ऋण टोकावर लाल शेंदूर बसतो आणि धन टोकावर पिवळं गंधक. स्फटिकाच्या आत काय चाललंय ते डोळ्यांना दिसतं.

म्हणजे जागराची भाषा मिळाली. तो बोलत नाही. सकाळी ऊन चढताना पठारावरची बाई त्याच्यावर शेंदूर-गंधक भुरभुरवते आणि लाल-पिवळी नक्षी वाचते. ही विद्या आईकडून मुलीकडे आलेली आहे आणि दरबारातल्या पंडितांना ती येत नाही. पुढे लोकांची श्रद्धा वाढते, तेलात कालवलेल्या शेंदराचे थरावर थर चढतात. थर जाड झाला की ऊन आत उशिरा पोचतं आणि नक्षीही उमटत नाही. दगड गप्प झाला म्हणून लोक आणखी शेंदूर लावतात. त्या बाईने काय करावं? पुटं खरवडावीत तर गाव उठेल. हा पेच आपल्याच मातीतला आहे, तो कुठूनही उसना आणावा लागत नाही, आणि आपल्यासारख्या वाचकाने तो वाचून कौल द्यावा अशी माझी इच्छा आहे. शिसं विषारी असतं, म्हणून कुंट यांचा प्रयोग घरी कोणी करू नये.

प्रश्न : ही खनिजं प्रत्यक्ष कुठे बघायला मिळतील? – शिक्षिका, येवला

उत्तर : तुमच्या जवळ सिन्नरला ‘गारगोटी’ हे खनिजांचं संग्रहालय आहे. दख्खनच्या पोकळ्यांमधली झिओलाइटं आणि अपोफिलाइट तिथे मनसोक्त बघता येतात. मुलांना नेण्याआधी स्कोलेसाइट, स्टिल्बाइट आणि अपोफिलाइट ही तीन नावं फळ्यावर लिहून द्या आणि ज्याची त्याची वही बरोबर घ्यायला लावा. स्टिल्बाइटचे फिकट गुलाबी स्फटिक मधोमध आवळलेल्या पेंढीसारखे दोन्हीकडे फुलारलेले असतात, ते मुलं लगेच ओळखतात. चित्र काढायला वेळ द्या, फोटो नंतर. चालू खाणीत मात्र मालकाची परवानगी आणि सोबत माहीतगार माणूस असल्याशिवाय मुलांना नेऊ नका. सुरुंगाची वेळ तिथल्या माणसांनाच ठाऊक असते, आणि ताजा फुटलेला कडा कधी ढासळेल याचा भरवसा नसतो.